०.००३ टक्के म्हणजे किती माणसं?

०.१६१, ०.०२३ आणि ०.००३. ऑगस्ट २०१७ मध्ये अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने पेसमेकरबद्दल एक सूचना काढली, तिच्यातले हे तीन आकडे. तिन्हींच्या पुढे टक्क्याचं चिन्ह होतं. अ‍ॅबट कंपनीच्या, म्हणजे पूर्वीच्या सेंट ज्यूड मेडिकलच्या, काही पेसमेकरमध्ये रेडिओलहरींच्या वाटेने परक्याला शिरता येईल अशी फट सापडली होती. एकट्या अमेरिकेत असे ४,६५,००० पेसमेकर माणसांच्या छातीत होते. फट बुजवणारं नवं सॉफ्टवेअर तयार होतं, पण ते घरबसल्या भरता येणार नव्हतं. रुग्णाने दवाखान्यात जायचं, अपडेटला साधारण तीन मिनिटं लागणार, आणि तेवढा वेळ पेसमेकर राखीव पद्धतीवर मिनिटाला ६७ ठोके देत राहणार.

वरचे आकडे या तीन मिनिटांत काय बिघडू शकतं त्याचे आहेत. कंपनीचा आधीच्या अपडेटचा अनुभव असा होता : ०.१६१ टक्के वेळा अपडेट अर्धवट राहतं आणि पेसमेकर आपला जुन्या सॉफ्टवेअरवर परत येतो. ०.०२३ टक्के वेळा डॉक्टरांनी त्या रुग्णासाठी केलेली सेटिंग्ज पुसली जातात. ०.००३ टक्के वेळा यंत्र पूर्ण बंद पडतं.

४,६५,००० ला या टक्क्यांनी गुणून बघा. सगळ्यांचं अपडेट झालं तर सुमारे ७४९ पेसमेकर जुन्या सॉफ्टवेअरवर परतणार, १०७ जणांची सेटिंग्ज जाणार आणि १४ यंत्रं बंद पडणार. चौदा हा आकडा टोचतो, आणि टोचायलाच हवा. तरी मला जास्त शिकवून जातो तो ७४९. काहीतरी चुकलं अशा सगळ्या प्रसंगांची बेरीज ०.१८७ टक्के. त्यातले ८६ टक्के प्रसंग यंत्र सुखरूप मागे येऊन संपतात. हे आपोआप होत नाही. अपडेट मध्येच तुटलं तर काय, हा प्रश्न कुणीतरी यंत्र बनवतानाच विचारला होता आणि परतीची वाट बांधून ठेवली होती.

आता ही गोष्ट पेसमेकरपुरती राहिलेली नाही. विजेचा मीटर, दाराचं कुलूप, दिवे, एसी, कॅमेरा, गाडी या सगळ्यांत आज सॉफ्टवेअर आहे, ते इंटरनेटला जोडलेलं आहे आणि मधूनमधून बदलतं. अशी वस्तू किती वेळा बिघडते हे आपण विचारतो. बिघडल्यावर ती काय करते, हा प्रश्न त्याहून महत्त्वाचा आहे, आणि त्याचंही उत्तर आकड्यांत मागता येतं.

महाराष्ट्रापुरतं बोलायचं तर महावितरणच्या स्मार्ट मीटर योजनेत सुमारे २ कोटी २५ लाख मीटर धरलेले आहेत. देशभराचं उद्दिष्ट २५ कोटींचं. मीटर म्हणजे पेसमेकर नव्हे आणि मीटरच्या बिघाडाचे दर वेगळे असणार. पण संख्या मोठी झाली की छोट्या टक्क्याचं काय होतं ते कळावं म्हणून तेच दर लावून बघू. २ कोटी २५ लाखांचे ०.१६१ टक्के म्हणजे ३६,२२५ मीटर. ०.००३ टक्के म्हणजे ६७५. कागदावर ९९.९९७ टक्के यश दिसतं, आणि ६७५ घरी माणूस पाठवावा लागतो. घर नंदुरबारच्या डोंगरात असेल तर एका मीटरपायी वायरमनचा अख्खा दिवस जातो.

चाचणीत न सापडणारा बिघाड

मग आधी नीट तपासून का घेत नाहीत? तपासतात. पण इथे गणित आडवं येतं. संख्याशास्त्रात तीनचा नियम म्हणून एक सोपा हिशोब आहे : दर ‘न’ यंत्रांत एकदा होणारा बिघाड निदान एकदा तरी दिसेल अशी ९५ टक्के खात्री हवी असेल, तर साधारण ‘न’च्या तिप्पट यंत्रं तपासावी लागतात. ०.००३ टक्के म्हणजे ३३,३३३ मध्ये एक. त्याची तिप्पट म्हणजे एक लाख यंत्रं. प्रयोगशाळेत मांडून ठेवलेली यंत्रं पन्नास असतील, तर तो बिघाड तिथे दिसण्याची शक्यता ०.१५ टक्के. हजार घरांत आधी पाठवून बघितलं तरी ती जेमतेम ३ टक्के.

म्हणून अपडेट टप्प्याटप्प्याने सोडायचं असतं : आधी हजार, मग दहा हजार, मग लाख, आणि प्रत्येक टप्प्यावर थांबून काय होतंय ते बघायचं. हे न केल्याची किंमत १९ जुलै २०२४ ला जगाने मोजली. क्राउडस्ट्राइक कंपनीने विंडोज संगणकांवरच्या आपल्या सुरक्षा-सॉफ्टवेअरसाठी एक छोटी माहितीफाइल पाठवली. तिच्यात २१ रकाने अपेक्षित होते आणि वाचणाऱ्या प्रोग्रामला पुरवले जात होते २०. एकविसावा वाचायला गेला आणि संगणक कोसळला. ७८ मिनिटांत कंपनीने फाइल मागे घेतली, पण तोवर मायक्रोसॉफ्टच्या अंदाजानुसार ८५ लाख संगणक पडले होते. मिनिटाला सरासरी एक लाखाहून जास्त. संगणक विमानतळांवरचे, बँकांतले, इस्पितळांतले होते, तरी धडा घरातल्या वस्तूंनाही तोच लागू आहे. पहिल्या टप्प्यात हजारच संगणक असते तर हजारच पडले असते, कारण हा बिघाड दुर्मीळ नव्हताच. पहिल्या मिनिटालाच दिसला असता.

थोडक्यात, सरसकट होणारा बिघाड टप्प्यांमुळे अडवता येतो. लाखात तीन यंत्रांना होणारा बिघाड सुरुवातीच्या टप्प्यांनाही हुलकावणी देतो. तिथे यंत्राच्या आतच परतीची सोय असावी लागते.

लाइट गेली तर

ती सोय कशी असते ते जवळून बघण्यासारखं आहे. वायफायवर चालणाऱ्या एखाद्या प्लगमध्ये ४ एमबीची फ्लॅश मेमरी आहे असं धरू. स्वस्त उपकरणांत ही नेहमीची गोष्ट. फ्लॅशवर पाटीसारखं एकेक अक्षर खोडून लिहिता येत नाही. आधी ४ केबीचा अख्खा तुकडा पुसायचा, मग त्यात नवं लिहायचं. प्लगचा प्रोग्राम १.५ एमबीचा असेल तर त्याचे ३८४ तुकडे होतात. समजा जुन्या प्रोग्रामच्या जागेवरच नवा लिहायला घेतला, २४० वा तुकडा पुसून झाला आणि लाइट गेली. आता पहिले २३९ तुकडे नवे आहेत, २४० वा कोरा आहे, उरलेले १४४ जुने आहेत. लाइट परत येते तेव्हा प्लगकडे चालवण्याजोगा कुठलाच प्रोग्राम नसतो. नवा मागवायचा तर वायफाय सुरू करायला हवं, आणि वायफाय सुरू करणारा प्रोग्रामच अर्धा गेलेला आहे.

उपाय जुना आणि भरवशाचा आहे. मेमरीत दोन कप्पे करायचे. चालू प्रोग्राम पहिल्या कप्प्यात राहू द्यायचा आणि नवा दुसऱ्यात उतरवायचा. पूर्ण उतरला का, खरोखर कंपनीकडूनच आला का, आणि याच मॉडेलसाठी आहे का, हे तपासायचं. मगच ‘आता दुसऱ्या कप्प्यातून सुरू हो’ अशी एका ओळीची नोंद करायची. तीही कायमची नाही. नवा प्रोग्राम परीक्षेवर असतो. ठरलेल्या वेळात त्याने वायफाय जोडून, सर्व्हरशी बोलून ‘माझं ठीक चाललंय’ अशी नोंद केली तरच तो पास. मध्येच अडकला तर चिपमधला वॉचडॉग, म्हणजे प्रोग्रामने सतत मागे ढकलायचा उलटा मोजणारा काटा, शून्यावर येतो, यंत्र रीस्टार्ट होतं आणि पहिल्या कप्प्यातल्या जुन्या प्रोग्रामवर परततं. घरच्या माणसाला फार तर दिवा एकदा लुकलुकल्यासारखा वाटतो.

याला खर्च आहे. ४ पैकी ३ एमबी दोन कप्प्यांत जातात, उरलेल्या १ एमबीत बाकी सगळं बसवायचं. प्रोग्राम फुगला की कुणीतरी सुचवतंच की दुसरा कप्पा काढून टाकू. मला वाटतं, एखादी कंपनी विश्वासार्हतेबद्दल किती गंभीर आहे हे त्या बैठकीत कळतं.

पेसमेकरची सूचना निघाली त्याच ऑगस्ट २०१७ मध्ये लॉकस्टेट या अमेरिकी कंपनीने ७०००आय या मॉडेलच्या कुलपांचं अपडेट ६०००आय मॉडेलवर पाठवलं. सुमारे ५०० कुलपं निकामी झाली. त्यातली बरीच एअरबीएनबीवर घर भाड्याने देणाऱ्यांची होती आणि आकड्यांचं बटणपॅड चालेना. कुलूप इंटरनेटला परत जोडलंच जात नव्हतं, त्यामुळे दुरुस्ती दुरून पाठवायची सोयही उरली नाही. ग्राहकांपुढे दोन पर्याय ठेवले : कुलपाचा मागचा भाग काढून पाठवा, ५ ते ७ दिवसांत दुरुस्त करून देतो; किंवा बदली कुलूप घ्या, १४ ते १८ दिवस लागतील. साधी धातूची किल्ली मात्र चालत होती, म्हणून दार उघडायचा एक मार्ग तरी राहिला.

मेमरीचा आणखी एक हिशोब असा आहे की तो वर्षानुवर्षं दिसतच नाही. फ्लॅश पुसायची संख्या मोजकी असते. टेस्लाच्या जुन्या मॉडेल एस आणि मॉडेल एक्स गाड्यांच्या मधल्या पडद्यामागे ८ जीबीची मेमरी होती, तिची क्षमता ३,००० वेळा पुसण्याची. गाडीतलं सॉफ्टवेअर नोंदी लिहीत राही आणि दिवसाला सरासरी १.४ वेळा मेमरी पुसली जाई. ३,००० भागिले १.४ म्हणजे २,१४३ दिवस, म्हणजे सहा वर्षांना थोडे कमी. गाडी सहा वर्षांत जुनी होत नाही. पडदा बंद पडला की मागचा कॅमेरा दिसेना, काचेवरचं बाष्प घालवायची बटणं चालेनात. फेब्रुवारी २०२१ मध्ये १,३४,९५१ गाड्या परत बोलवाव्या लागल्या. हा भागाकार चौथीतल्या मुलाला येतो. गाडी बनवताना तो कुणी केला असता तर नोंदी कमी लिहिल्या असत्या, नाहीतर मेमरी मोठी घातली असती.

वेळ विचारणारी सात लाख यंत्रं

यंत्राला वेळ कळावी लागते. महावितरणच्या टीओडी, म्हणजे वेळेनुसार दर लावणाऱ्या, मीटरवर सकाळी ९ ते संध्याकाळी ५ या वेळेतल्या विजेला सवलत आहे, म्हणजे मीटरमधलं घड्याळ चुकलं तर बिल चुकलं. साध्या क्वार्ट्‌झ स्फटिकाची चूक दहा लाखांत २० धरली तर घड्याळ दिवसाला १.७ सेकंद, वर्षाला साडेदहा मिनिटं आणि पाच वर्षांत ५२ मिनिटं सरकू शकतं. म्हणून ते अधूनमधून बाहेरच्या बिनचूक घड्याळाशी जुळवून घ्यावं लागतं.

हे साधं वेळ विचारणंही कसं अंगाशी येतं ते २००३ मध्ये अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन-मॅडिसन विद्यापीठाला कळलं. नेटगिअर कंपनीच्या काही घरगुती राउटरमध्ये या विद्यापीठाच्या वेळ सांगणाऱ्या सर्व्हरचा पत्ता कायमचा कोरलेला होता. उत्तर आलं तर राउटर गप्प बसे. उत्तर आलं नाही तर तो एका सेकंदाने पुन्हा विचारी, मग पुन्हा एका सेकंदाने, आणि थांबतच नसे. कंपनीच्या मोजणीप्रमाणे अशी ७,०७,१४७ यंत्रं होती. विद्यापीठाकडे सेकंदाला अडीच लाखांहून जास्त विचारणा येऊ लागल्या. एका राउटरपुरतं बघितलं तर चूक काहीच नाही : सेकंदाला एक छोटंसं पाकीट, घरच्या माणसाला त्याचा पत्ताही लागला नसता.

आपल्याकडे हीच स्थिती लाइट आल्यावर येते. मोठ्या भागाची वीज एकदम परत आली आणि एक लाख उपकरणं त्याच क्षणी सर्व्हरकडे धावली तर सर्व्हर कोलमडतो. उत्तर न मिळाल्याने सगळी पुन्हा धावतात, आणि तो उठतच नाही. प्रत्येक यंत्राने पहिल्या दहा मिनिटांतला कुठलातरी एक क्षण चिठ्ठी टाकल्यासारखा निवडला तर तोच लोंढा सेकंदाला १६७ वर येतो. उत्तर नाही आलं तर १ सेकंदाने, मग २, मग ४, मग ८ असं थांबत विचारायचं. दहा वेळा विचारून होईपर्यंत सतरा मिनिटं जातात. नेटगिअरच्या राउटरने तेवढ्यात हजारावर वेळा विचारलं असतं. हा बदल प्रोग्रामच्या चार-पाच ओळींचा असतो.

घड्याळाची दुसरी बाजू म्हणजे मोजणी संपणं. बरीच छोटी यंत्रं सुरू झाल्यापासूनचे मिलिसेकंद ३२ बिटांच्या आकड्यात मोजतात. तो आकडा ४९.७ दिवसांनी भरतो आणि शून्यावर येतो. विंडोज ९५ याच कारणाने ४९.७ दिवसांनी अडकत असे. बोइंग ७८७ विमानाचे वीजजनित्रांचे नियंत्रक सलग २४८ दिवस चालू राहिले तर एकदम बंद पडू शकतात, असा इशारा अमेरिकेच्या विमान-वाहतूक प्रशासनाने २०१५ मध्ये दिला. सेकंदाचे शंभरावे भाग ३१ बिटांत मोजले तर नेमके तेवढेच दिवस भरतात. महिनाभराच्या चाचणीत यातलं काही दिसणार नाही. लिनक्सवाल्यांनी यावर केलेली युक्ती मला फार आवडते. ते हा मोजणीचा काटा शून्यापासून सुरूच करत नाहीत. भरायला पाच मिनिटं बाकी असतील अशा जागी सुरू करतात. चूक असली तर ती ४९ दिवसांनी कुणाच्या तरी घरी फुटायच्या ऐवजी पाचव्या मिनिटाला प्रोग्राम लिहिणाऱ्याच्याच टेबलावर फुटते.

तशीच एक तारीख सगळ्यांसाठी ठरलेली आहे : १९ जानेवारी २०३८, भारतीय वेळेप्रमाणे सकाळी ८ वाजून ४४ मिनिटं ७ सेकंद. १ जानेवारी १९७० पासूनचे सेकंद ज्या यंत्रांत चिन्हासह ३२ बिटांत मोजले जातात, त्यांची मोजणी तिथे संपते आणि पुढच्या सेकंदाला तारीख डिसेंबर १९०१ वर उडी मारते. बारा वर्षं टिकावी म्हणून आज भिंतीत बसवलेली वस्तू त्या सकाळी चालू असेल.

सात दुव्यांची साखळी

फोनवरून घरातला दिवा लावताना आदेश कुठून कुठून जातो? फोनचं नेटवर्क, अ‍ॅप, क्लाउड, कंपनीचा सर्व्हर, घरचं ब्रॉडबँड, राउटर, दिवा. सात दुवे झाले. प्रत्येक दुवा ९९.५ टक्के वेळ चालतो असं धरलं, आणि हे काही वाईट नाही, तरी सातांचा गुणाकार ९६.५५ टक्के येतो. वर्षातले उरलेले ३०२ तास, म्हणजे साडेबारा दिवस, दिवा फोनचं ऐकणार नाही. भिंतीवरचं बटण त्याच दिव्याला थेट जोडलेलं असेल तर यातले सहा दुवे गळून पडतात.

२० ऑक्टोबर २०२५ ला अ‍ॅमेझॉनच्या क्लाउडच्या व्हर्जिनियातल्या केंद्रात दोन स्वयंचलित प्रक्रिया एकमेकींच्या आड आल्या आणि एका महत्त्वाच्या डेटाबेस सेवेच्या पत्त्याची नोंद कोरी होऊन बसली. त्या दिवशी एट स्लीप कंपनीचे, गादीचं तापमान सांभाळणारे महागडे पलंग काही घरांत नको तितके गरम झाले. हीटर खोलीतच, माणूसही खोलीतच. आदेश मात्र व्हर्जिनिया फिरून यायचा. कंपनीने माफी मागितली आणि काही दिवसांतच फोनवरून ब्लूटूथने थेट पलंगाशी बोलण्याची सोय दिली. ती इतक्या लवकर देता आली याचा अर्थ ती आधीही देता आली असती.

गरम करणाऱ्या, कुलूप लावणाऱ्या, वीज तोडणाऱ्या कुठल्याही वस्तूला इंटरनेटशिवाय नीट वागता आलंच पाहिजे असं माझं ठाम मत आहे. प्रीपेड मीटरचं उदाहरण घ्या. रिचार्जचे पैसे भरले आणि ‘वीज जोडा’ हा आदेश नेटवर्कमुळे मीटरपर्यंत पोचलाच नाही, तर अंधारात बसायचं ते पैसे भरलेल्या माणसाने? मीटरने काय धरून चालायचं हे सॉफ्टवेअर लिहिणाऱ्याने आधीच ठरवलेलं असतं, आणि तो निर्णय ग्राहकाच्या बाजूने घेता येतो.

खोक्यावर काय छापायचं

रिव्हॉल्व नावाचं, घरातल्या उपकरणांना एकत्र जोडणारं ३०० डॉलरचं यंत्र १५ मे २०१६ ला सर्व्हर बंद झाल्यावर निरुपयोगी झालं. त्याच वर्षी मिराई नावाच्या विषाणूने जेमतेम साठ ठरावीक युजरनेम-पासवर्डच्या जोड्या आजमावून कॅमेरे आणि राउटर काबीज केले. ऐन भरात ती संख्या सहा लाखांवर गेली होती. पहिल्या प्रसंगात किती वर्षं सांभाळ करायचा याचं बंधन कंपनीवर नव्हतं, दुसऱ्यात कारखान्यातला पासवर्ड कुणी बदललाच नव्हता.

दोन्हींवर आता कायदे आले आहेत. ब्रिटनमध्ये २९ एप्रिल २०२४ पासून सगळ्या वस्तूंना सारखाच, सहज ओळखता येणारा पासवर्ड देणं बेकायदा आहे, आणि सुरक्षेचे अपडेट कधीपर्यंत मिळतील ते विकतानाच सांगावं लागतं. युरोपीय संघाचा सायबर रेझिलियन्स कायदा १० डिसेंबर २०२४ ला लागू झाला. त्याची मुख्य बंधनं ११ डिसेंबर २०२७ पासून येतील, आणि वस्तू त्याहून कमी काळ वापरायची नसेल तर निदान पाच वर्षं सांभाळ करावा लागेल. भारतात एप्रिल २०२५ पासून सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना सुरक्षेच्या चाचणीची अट आली.

हे कायदे मुख्यतः चोरवाटांबद्दल बोलतात. अपडेट फसल्यावर काय, इंटरनेट गेल्यावर काय, मेमरी किती वर्षं पुरेल, याबद्दल त्यांचा आवाज बराच बारीक आहे. फ्रिजच्या दारावर विजेच्या वापराचे तारे छापलेले असतात, ते बघून घेणारं गिऱ्हाईक गावोगाव तयार झालं. तसेच चार आकडे स्मार्ट वस्तूच्या खोक्यावर छापता येतील : अपडेट कुठल्या वर्षापर्यंत मिळणार, इंटरनेट नसताना कोणकोणती कामं होणार, अपडेट फसण्याचा दर किती आणि त्यातली किती यंत्रं आपोआप परततात, रोजच्या वापरात मेमरी किती वर्षं टिकणार. कंपन्यांकडे यातले बहुतेक आकडे असतात किंवा एका दुपारी काढता येतात. महावितरणसारखा एकगठ्ठा घेणारा ग्राहक ते निविदेतच मागू शकतो, आणि एका घरासाठी एक कुलूप घेणाऱ्यानेही दुकानदाराला विचारायला हरकत नाही.